वेस्टमिन्स्टर ॲबीची पोटनिवडणूक (१९२४) : त्रेचाळीस मतांच्या पराभवाचा ऐतिहासिक अभ्यास

प्रास्ताविक :

संसदीय लोकशाहीच्या इतिहासात सार्वत्रिक निवडणुकांना जे स्थान मिळते ते पोटनिवडणुकांना सहसा मिळत नाही. पोटनिवडणूक ही एका मतदारसंघापुरती, एका रिक्त जागेपुरती घटना मानली जाते. निकाल लागला की वृत्तपत्रांतील चर्चा थांबते आणि इतिहासकारही पुढे सरकतो. परंतु काही पोटनिवडणुका अशा असतात की त्यांच्यात त्या काळातील सर्व राजकीय प्रवाह एकाच वेळी समोरासमोर आलेले दिसतात. १९ मार्च १९२४ रोजी लंडनमधील वेस्टमिन्स्टर ॲबी या मतदारसंघात झालेली पोटनिवडणूक ही अशांपैकीच एक होय. या निवडणुकीत विन्स्टन चर्चिल यांचा अवघ्या ४३ मतांनी पराभव झाला.

ब्रिटिश मतपेटीत पडणाऱ्या एका मताचे मोल मराठी वाचकास नवे नाही. १८९२ साली दादाभाई नौरोजी मध्य फिन्सबरी मतदारसंघातून हाताच्या बोटांवर मोजता येतील इतक्याच मताधिक्याने निवडून आले, हे शालेय इतिहासापासून आपणास ठाऊक असते. दादाभाईंच्या विजयाची ही कथा आपण अभिमानाने सांगतो. ज्या चर्चिल यांनी पुढे भारताच्या स्वराज्यास कडवा विरोध केला, त्यांच्या निसटत्या पराभवाची कथा मात्र मराठीत फारशी सांगितली गेलेली नाही. प्रस्तुत निबंधात ती सांगण्याचा आणि तिचे मूल्यमापन करण्याचा प्रयत्न केला आहे.

अभ्यासाची उद्दिष्टे :

१) वेस्टमिन्स्टर ॲबीच्या पोटनिवडणुकीची राजकीय पार्श्वभूमी स्पष्ट करणे.
२) निवडणुकीतील चार उमेदवार व त्यांच्या भूमिका यांचा परिचय करून देणे.
३) मतविभागणीचे विश्लेषण करून निकालाचा अर्थ लावणे.
४) या निकालाचे ब्रिटिश राजकारणावर झालेले परिणाम आणि त्याचा भारताशी असलेला संबंध तपासणे.

गृहीतक :

चर्चिल यांचा अल्पमतांनी झालेला पराभव हा त्यांच्या राजकीय पुनरागमनातील अडथळा नसून ते पुनरागमन सुकर करणारा टप्पा ठरला, असे गृहीतक या अभ्यासासाठी स्वीकारले आहे. अभ्यासासाठी ऐतिहासिक व विश्लेषणात्मक पद्धतीचा अवलंब केला आहे.

राजकीय पार्श्वभूमी :

पहिल्या महायुद्धानंतर ब्रिटनमधील पक्षपद्धतीत मूलभूत बदल घडून आले. १९१८ च्या कायद्याने जवळजवळ सर्व प्रौढ पुरुषांना आणि मालमत्तेची अट पूर्ण करणाऱ्या ३० वर्षांवरील स्त्रियांना मताधिकार मिळाला. कामगार वर्ग मोठ्या संख्येने मतदार झाला आणि मजूर पक्षाची शक्ती झपाट्याने वाढली. याउलट ग्लॅडस्टन यांच्या परंपरेतील उदारमतवादी पक्ष अस्क्विथ आणि लॉइड जॉर्ज यांच्या गटबाजीमुळे दुबळा झाला.

डिसेंबर १९२३ मध्ये पंतप्रधान बाल्डविन यांनी संरक्षक जकातीच्या प्रश्नावर सार्वत्रिक निवडणूक घेतली. तीत हुजूर पक्षाला २५८, मजूर पक्षाला १९१ आणि उदारमतवादी पक्षाला १५८ जागा मिळाल्या. कोणासही स्पष्ट बहुमत नव्हते. जानेवारी १९२४ मध्ये उदारमतवाद्यांनी मजूर पक्षाच्या बाजूने मतदान केले, बाल्डविन यांचे सरकार पडले आणि २२ जानेवारी रोजी रॅम्से मॅक्डोनाल्ड हे ब्रिटनचे पहिले मजूर पंतप्रधान झाले. ज्या पक्षाचा जन्म अवघ्या दोन तपांपूर्वी झाला होता, तो साम्राज्याच्या सत्तास्थानी आला. ब्रिटनमधील धनिक व मध्यम वर्गांत यामुळे केवढी अस्वस्थता पसरली असेल, याची कल्पना करता येते.

या घडामोडींत चर्चिल यांची स्थिती चमत्कारिक होती. १९०० साली हुजूर पक्षातर्फे संसदेत आलेले चर्चिल १९०४ मध्ये मुक्त व्यापाराच्या प्रश्नावर उदारमतवादी पक्षात गेले आणि पुढे त्या पक्षाच्या मंत्रिमंडळांत त्यांनी अनेक खाती सांभाळली. १९२२ च्या निवडणुकीत डंडी येथे त्यांचा पराभव झाला. अपेंडिक्सच्या शस्त्रक्रियेमुळे त्यांना त्या प्रचारात जेमतेम शेवटचे काही दिवस सहभागी होता आले होते. डिसेंबर १९२३ मध्ये पश्चिम लेस्टर येथे मजूर पक्षाचे फ्रेडरिक पेथिक-लॉरेन्स यांनी त्यांचा ४,३९८ मतांनी पराभव केला. हेच पेथिक-लॉरेन्स पुढे भारतमंत्री झाले आणि १९४६ साली त्रिमंत्री योजना घेऊन भारतात आले, ही बाब येथे नमूद करणे उचित ठरेल. उदारमतवाद्यांनी मजूर सरकारला दिलेला पाठिंबा चर्चिल यांना मुळीच मान्य नव्हता. त्यामुळे १९२४ च्या आरंभी त्यांच्याजवळ संसदेची जागा नव्हती, मंत्रिपद नव्हते आणि वस्तुतः पक्षही नव्हता.

मतदारसंघाचे स्वरूप :

फेब्रुवारी १९२४ मध्ये वेस्टमिन्स्टर ॲबीचे हुजूर पक्षाचे खासदार जॉन सँक्च्युअरी निकल्सन यांचे निधन झाले आणि ही जागा रिकामी झाली. हा मतदारसंघ अनेक अर्थांनी आगळा होता. संसद भवन व व्हाइटहॉलमधील सरकारी कचेऱ्या याच परिसरातील. एकीकडे सरदार-उमरावांचे क्लब आणि दुसरीकडे सोहोतील दाट वस्ती व कॉव्हेंट गार्डनच्या भाजीबाजारातील हमाल, तर मध्ये ड्रुरी लेन आणि स्ट्रँडची नाट्यगृहे असे त्याचे रूप होते. राजदरबाराशी संबंधित मंडळी आणि रंगभूमीवरील कलावंत एकाच मतदारयादीत होते. साम्राज्याची राजधानी जणू एका लहानशा नकाशात सामावली होती. अशा ठिकाणची निवडणूक साऱ्या देशाच्या नजरेत भरणे स्वाभाविकच होते.

चार उमेदवार :

अ) ओथो निकल्सन : हे दिवंगत खासदारांचे पुतणे. स्थानिक हुजूर संघटनेने त्यांना अधिकृत उमेदवारी दिली. व्यक्तिमत्त्वाच्या तेजापेक्षा संघटनेची निष्ठा हेच त्यांचे बळ होते.

आ) विन्स्टन चर्चिल : हे स्वतंत्र समाजवादविरोधी भूमिकेतून 'कॉन्स्टिट्यूशनलिस्ट' म्हणजे संविधानवादी या नावाने उभे राहिले. मजूर पक्षाच्या समाजवादाविरुद्ध हुजूर आणि उजव्या विचारांच्या उदारमतवाद्यांनी एकत्र यावे, असा त्यांचा आग्रह होता.

इ) फेनर ब्रॉकवे : हे मजूर पक्षाचे उमेदवार. त्यांचा जन्म १८८८ साली कोलकाता येथे एका मिशनरी कुटुंबात झाला होता. महायुद्धातील सक्तीच्या लष्करभरतीस विरोध केल्यामुळे त्यांनी तुरुंगवास भोगला होता. भारताच्या स्वातंत्र्याचे ते निष्ठावंत समर्थक होते.

ई) जेम्स स्कॉट डकर्स : हे उदारमतवादी पक्षाचे उमेदवार, व्यवसायाने वकील. तेही युद्धविरोधी असून सक्तीच्या भरतीस नकार दिल्याबद्दल कारावासात गेले होते.

म्हणजेच महायुद्धाच्या आरंभी नौदलमंत्री असलेल्या चर्चिल यांच्यासमोर त्याच युद्धास विरोध करून तुरुंगात गेलेले दोन उमेदवार उभे होते. ही केवळ योगायोगाची गोष्ट मानता येणार नाही. युद्धाने ब्रिटिश समाजात निर्माण केलेली दरी मतपत्रिकेवर उमटली होती.

हुजूर पक्षातील पेच :

या निवडणुकीतील खरा संघर्ष निकल्सन आणि चर्चिल यांच्यात असला तरी त्याचे मूळ हुजूर पक्षाच्या अंतर्गत पेचात होते. चर्चिल यांच्यासारखा वक्ता आपल्या बाजूस यावा, असे बाल्डविन यांना वाटत होते. तथापि स्थानिक संघटनेने रीतसर निवडलेल्या उमेदवारास बाजूला सारणे त्यांना शक्य नव्हते. उमेदवार निवडण्याच्या बाबतीत स्थानिक शाखांची स्वायत्तता हे हुजूर पक्षाचे जुने वैशिष्ट्य होते आणि पक्षनेतासुद्धा तिचा उघडपणे भंग करू धजत नसे.

परिणामी पक्षातील ज्येष्ठ नेते दोन बाजूंना विभागले गेले. ऑस्टिन चेंबरलेन यांची सहानुभूती चर्चिल यांच्याकडे होती. माजी पंतप्रधान बाल्फोर यांनी चर्चिल यांना पाठिंब्याचे पत्र लिहिले, परंतु ते प्रसिद्ध होऊ नये अशी आरंभी बाल्डविन यांची इच्छा होती. लिओ अमेरी यांनी मात्र निकल्सन यांच्या बाजूने जाहीर पत्र प्रसिद्ध केले. त्यामुळे तटस्थतेचा तोल ढळला आणि बाल्फोर यांच्या पत्रासही वाट मोकळी करून देण्यात आली. कित्येक हुजूर खासदार अधिकृत उमेदवाराला सोडून चर्चिल यांच्या प्रचारात सामील झाले. पक्षनेत्याचे मन एकीकडे आणि पक्षाची शिस्त दुसरीकडे, असे दृश्य यानिमित्ताने दिसून आले.

प्रचार :

चर्चिल यांच्या प्रचाराची सूत्रे तरुण ब्रेंडन ब्रॅकन यांच्या हाती होती. चार घोड्यांच्या गाडीतून आणि तुतारीच्या निनादात काढलेली प्रचारफेरी लंडनकरांच्या कुतूहलाचा विषय झाली. लॉर्ड रॉदरमियर आणि लॉर्ड बीव्हरब्रुक यांच्या वृत्तपत्रांचा पाठिंबाही चर्चिल यांना होता. चर्चिल यांनी १९३२ च्या 'थॉट्स अँड ॲडव्हेंचर्स' या लेखसंग्रहात या निवडणुकीच्या आठवणी नोंदविल्या आहेत. त्यांत डेलीज नाट्यगृहातील नर्तिकांनी रात्रभर जागून प्रचारपत्रांच्या लिफाफ्यांवर पत्ते लिहिल्याचा उल्लेख येतो. येथे एका गोष्टीकडे लक्ष वेधणे आवश्यक वाटते. १९२८ पर्यंत ३० वर्षांखालील स्त्रियांना ब्रिटनमध्ये मताधिकार नव्हता. त्यामुळे चर्चिल यांच्यासाठी रात्र जागविणाऱ्या तरुण स्त्रियांना त्यांना मत देण्याचा अधिकार मात्र नव्हता. अशा आठवणी स्वतः उमेदवाराने लिहिलेल्या असल्याने त्यांतील रंगतदारपणा वजा करून त्या वाचाव्यात, हे अभ्यासकाने विसरता कामा नये.

ब्रॉकवे यांचा प्रचार याहून वेगळा होता. त्यांच्याजवळ ना मोठी वृत्तपत्रे होती, ना उमरावांचे दिवाणखाने. सत्तेवर आलेले मजूर सरकार हाच त्यांचा आधार होता आणि सोहो व ड्रुरी लेनच्या गल्ल्यांतील गरीब मतदार हे त्यांचे बळ होते.

मतमोजणी व निकाल :

मतमोजणी अत्यंत चुरशीची झाली. शेवटचे गठ्ठे मोजले जात असताना चर्चिल सुमारे शंभर मतांनी निवडून आल्याची कुजबूज पसरली. त्यांच्या समर्थकांनी जल्लोष केला आणि ही वार्ता बाहेरही गेली. परंतु काही क्षणांतच चित्र पालटले. अंतिम आकडे पुढीलप्रमाणे होते :

ओथो निकल्सन (हुजूर) : ८,१८७
विन्स्टन चर्चिल (संविधानवादी) : ८,१४४
फेनर ब्रॉकवे (मजूर) : ६,१५६
जे. स्कॉट डकर्स (उदारमतवादी) : २९१
एकूण वैध मते : २२,७७८
मताधिक्य : ४३

निकालाचे विश्लेषण :

उपरोक्त आकडेवारीवरून काही महत्त्वाच्या बाबी स्पष्ट होतात. पहिली बाब म्हणजे विजयी उमेदवारास एकूण मतांपैकी सुमारे ३५.९ टक्के आणि चर्चिल यांना सुमारे ३५.८ टक्के मते मिळाली. दोघांतील अंतर एकूण मतांच्या ०.१९ टक्के इतकेच होते. जवळजवळ दोन-तृतीयांश मतदारांनी विजयी उमेदवारास मत दिले नव्हते. सर्वाधिक मते मिळविणारा विजयी, या पद्धतीतील ही जुनी उणीव आहे आणि हीच पद्धत स्वीकारलेल्या भारतीय मतदारासही तिचा वारंवार अनुभव येतो.

दुसरी बाब म्हणजे निकल्सन आणि चर्चिल या दोन्ही समाजवादविरोधी उमेदवारांची एकत्रित मते १६,३३१ म्हणजे सुमारे ७१.७ टक्के होतात. चर्चिल यांच्या उमेदवारीमुळे मते फुटून मजूर पक्षाचा उमेदवार निवडून येण्याचा धोका होता, असे म्हणता येईल. तो धोका पोकळ नव्हता, परंतु प्रत्यक्षात ब्रॉकवे हे निकल्सन यांच्यापेक्षा २,०३१ मतांनी मागे राहिले. तरीही राजवाडा आणि क्लबांच्या या परिसरात मजूर पक्षाने २७ टक्के मते मिळविली, ही गोष्ट निकल्सन यांच्या विजयाइतकीच बोलकी आहे. लंडनच्या वैभवाच्या छायेत राहणाऱ्या श्रमिकांना आता स्वतःचा पक्ष मिळाला होता.

तिसरी आणि कदाचित सर्वांत महत्त्वाची बाब म्हणजे डकर्स यांची २९१ मते. १९१८ च्या कायद्यानुसार उमेदवारास १५० पौंड अनामत ठेवावी लागे आणि एक-अष्टमांश मते न मिळाल्यास ती जप्त होई. अनामत वाचविण्यासाठी येथे सुमारे २,८४८ मते आवश्यक होती. डकर्स यांना त्याच्या जवळपास एक-दशांशच मते पडली. ज्या पक्षाने १९०६ मध्ये प्रचंड बहुमत मिळविले होते, त्याची राजधानीच्या मध्यभागी ही अवस्था झाली. ऑक्टोबर १९२४ च्या सार्वत्रिक निवडणुकीत उदारमतवादी पक्ष ४० जागांवर आला. त्या पडझडीची पूर्वसूचना या २९१ मतांत वाचता येते. वेस्टमिन्स्टरमध्ये चर्चिल हरले, परंतु मोडून पडला तो त्यांनी सोडलेला पक्ष, असे म्हणावे लागेल.

पराभवाचे फलित :

आता गृहीतकाकडे वळणे इष्ट होईल. ही ४३ मते चर्चिल यांच्या पारड्यात पडली असती तर काय झाले असते? इतिहासात 'जर-तर'ला स्थान नसते, असे म्हटले जाते. तथापि एखाद्या घटनेचे महत्त्व जोखण्यासाठी तिच्या पर्यायाचा विचार उपयुक्त ठरतो. चर्चिल विजयी झाले असते तर हुजूर पक्षाच्या अधिकृत उमेदवाराचा पाडाव करून ते संसदेत आले असते. स्थानिक कार्यकर्त्यांच्या मनात ही सल दीर्घकाळ राहिली असती आणि वीस वर्षांपूर्वीच्या पक्षत्यागाच्या जखमेवर नवी जखम झाली असती. पराभवामुळे ही कटुता टळली. त्याचबरोबर पक्षयंत्रणेच्या पाठबळाविना आपण आठ हजारांहून अधिक मते मिळवू शकतो, हेही त्यांनी सिद्ध केले. पक्षाला नमवले नाही, पण आपली किंमत मात्र दाखवून दिली, असा हा पराभव होता.

पुढील घटनाक्रम या निष्कर्षास पुष्टी देतो. मे १९२४ मध्ये चर्चिल यांनी लिव्हरपूल येथे हुजूर पक्षाच्या सभेत भाषण केले. त्यानंतर हुजूर पक्षाच्या पाठिंब्याने त्यांना एपिंग मतदारसंघातून उमेदवारी मिळाली. ऑक्टोबर १९२४ मध्ये ते ९,७६३ मतांच्या आघाडीने निवडून आले आणि नोव्हेंबरमध्ये बाल्डविन यांनी त्यांना अर्थमंत्री केले. वेस्टमिन्स्टरच्या पराभवानंतर अवघ्या आठ महिन्यांत ही नियुक्ती झाली. ओथो निकल्सन मात्र १९३२ पर्यंत त्याच मतदारसंघाचे खासदार राहिले आणि आज त्यांचे नाव मुख्यतः या ४३ मतांमुळेच घेतले जाते.

भारतीय संदर्भ :

या पोटनिवडणुकीचा प्रचार भारताच्या प्रश्नावर झाला नव्हता, हे प्रथम स्पष्ट केले पाहिजे. तरीही तिच्यातील व्यक्तींचा भारताशी असलेला संबंध दुर्लक्षिता येत नाही. लोकमान्य टिळकांनी १९१८-१९ मधील आपल्या इंग्लंडच्या वास्तव्यात मजूर पक्षाच्या नेत्यांशी संबंध जोडले होते. ब्रिटनमधील आपले मित्र उदारमतवाद्यांऐवजी मजूर पक्षात शोधावे लागतील, हे त्यांच्या राजकीय दृष्टीने ओळखले होते. ब्रॉकवे हे अशाच मित्रांपैकी एक ठरले. १९३० साली सविनय कायदेभंगाच्या काळात भारतावर चर्चा व्हावी असा हट्ट धरल्यामुळे त्यांना कॉमन्स सभागृहातून निलंबित करण्यात आले. चर्चिल यांनी १९२० मध्ये जालियनवाला बाग हत्याकांडाबद्दल जनरल डायरचा निषेध केला होता, हे खरे. परंतु १९३१ पासून १९३५ च्या भारत सरकार कायद्यापर्यंत त्यांनी भारताला स्वशासनाचे अधिकार देण्यास अखंड विरोध केला.

असे असले तरी मजूर पक्षाविषयी भाबडा दृष्टिकोन बाळगणे योग्य होणार नाही. ५ फेब्रुवारी १९२४ रोजी, पुण्यातील ससून रुग्णालयात अपेंडिक्सची शस्त्रक्रिया झालेल्या महात्मा गांधींची प्रकृतीच्या कारणास्तव सुटका झाली. परंतु त्याच मजूर सरकारच्या काळात कानपूर कट खटला चालला आणि मुंबईच्या कॉम्रेड श्रीपाद अमृत डांगे यांना शिक्षा झाली. ऑक्टोबर १९२४ मध्ये बंगालसाठी दडपशाहीचा अध्यादेशही निघाला. लंडनमध्ये सत्तांतर झाले म्हणून दिल्लीतील सत्तेचे स्वरूप आपोआप बदलत नाही, हा धडा भारतीय नेत्यांना याच वर्षी मिळाला.

'संविधानवादी' या नावाचा पुढील प्रवासही लक्षणीय आहे. ऑक्टोबर १९२४ मध्ये उत्तर बॅटरसी येथे हेन्री हॉगबिन याच नावाखाली उभे राहिले. त्यांनी मुंबईत जन्मलेल्या शापूरजी सकलातवालांना डिसेंबर १९२३ मध्ये १८६ मतांनी हरविले होते. या वेळी मात्र सकलातवालांनी त्यांचा पराभव करून आपली जागा परत मिळविली. चर्चिल यांनी वेस्टमिन्स्टरमध्ये फडकविलेले समाजवादविरोधी एकजुटीचे निशाण श्रमिकांच्या बॅटरसीत एका मुंबईकर कम्युनिस्टाने खाली उतरविले.

निष्कर्ष :

१) वेस्टमिन्स्टर ॲबीची पोटनिवडणूक ही ब्रिटनमधील त्रिपक्षीय स्पर्धेकडून हुजूर विरुद्ध मजूर या द्विपक्षीय स्पर्धेकडे होणाऱ्या संक्रमणाची निदर्शक होती.
२) उमेदवार निवडीतील स्थानिक संघटनेची स्वायत्तता पक्षनेत्याच्या इच्छेपेक्षा प्रभावी ठरली. उमेदवारी वरून लादली जाण्याच्या काळात पक्षांतर्गत लोकशाहीच्या दृष्टीने ही बाब विचारणीय आहे.
३) चर्चिल यांचा निसटता पराभव त्यांच्या हुजूर पक्षातील पुनरागमनास उपकारक ठरला. त्यामुळे अभ्यासाचे गृहीतक ग्राह्य ठरते.
४) उदारमतवादी उमेदवाराची नगण्य मते ही त्या पक्षाच्या ऱ्हासाची स्पष्ट खूण होती.
५) ब्रिटिश पोटनिवडणुकांचा अभ्यास भारतीय स्वातंत्र्यलढ्याच्या आंतरराष्ट्रीय पार्श्वभूमीवर प्रकाश टाकू शकतो.

समारोप :

निवडणुकीच्या इतिहासात विजेत्यांची नावे कोरली जातात आणि पराभूतांची पुसली जातात, असा सर्वसाधारण समज आहे. वेस्टमिन्स्टर ॲबीच्या निवडणुकीने हा समज खोटा ठरविला. जिंकलेले निकल्सन विस्मृतीत गेले. हरलेले चर्चिल १९४० मध्ये पंतप्रधान झाले. तिसऱ्या क्रमांकावरील ब्रॉकवे यांनी मात्र १९८८ पर्यंतच्या आपल्या दीर्घ आयुष्यात भारतासह अनेक वसाहतींना स्वतंत्र झालेले पाहिले. जे साम्राज्य टिकविण्याचा चर्चिल यांनी आटोकाट प्रयत्न केला, त्याचा अस्त ब्रॉकवे यांना पाहावयास मिळाला. मतमोजणीच्या टेबलावर ८,१४४ ही संख्या ६,१५६ पेक्षा मोठी होती, परंतु भारताच्या प्रश्नावर काळाने कौल दिला तो ब्रॉकवे यांच्या बाजूने.